साखळी घडविणाऱ्या बायका
कायद्याने मजुरी वाढविली की धंदा बसतो, ही भीती जुनीच. इंग्लंडात १९०९ च्या ट्रेड बोर्ड कायद्यान्वये क्रॅडली हीथच्या, घरामागील भट्टीवर साखळ्या घडविणाऱ्या बायकांना तासाला अडीच पेन्स किमान दर ठरला. पुष्कळजणींची मिळकत त्याने दुप्पट होणार होती. मालकांनी पळवाट काढली: सहा महिने जुनाच दर मान्य, अशा कागदांवर सह्या घेतल्या. १९१० मध्ये मेरी मॅकार्थर यांच्या नेतृत्वाखाली दहा आठवडे झुंज झाली, तेव्हा दर पदरात पडला. धंदा बुडाला काय? टॉनी यांच्या १९१४ च्या पाहणीत बेकारी विशेष वाढलेली दिसली नाही. कारण मजुरी ठरत होती ती धंद्याच्या ऐपतीने नव्हे, एकेकटीच्या नडीने. श्रोतेहो, आपला किमान वेतनाचा कायदा २०२५ पर्यंत १९४८ चा होता. दर सरकार ठरविते. तो हाती पडतो संघटनेच्या बळावर.