कर्जाच्या वहीतला तिसरा रकाना

१२ मे १८७५. पुणे जिल्ह्यातलं सुपे. बाजाराचा दिवस होता. आजूबाजूच्या गावांतून आलेले शेतकरी जमले आणि सावकारांच्या घरांकडे, दुकानांकडे वळले. दुकानं लुटली गेली, पण जमावाला खरे हवे होते ते कागद : कर्जखतं, गहाणखतं, खातेवह्या. ते बाहेर काढून जाळण्यात आले. पुढच्या काही आठवड्यांत हे लोण पुणे आणि अहमदनगर जिल्ह्यांतल्या अनेक गावांत पोचलं. सावकाराने कागद हवाली केले, की बहुतेक ठिकाणी जमाव त्याच्या अंगाला हात न लावता पुढे जायचा. इतिहासात याला 'दख्खनचे दंगे' म्हणतात.

शाळेच्या पुस्तकात या दंग्यांवर दोन-चार ओळी असतात आणि त्या परीक्षेपुरत्या लक्षात राहतात. पण वाकडला, रावेतला किंवा मोशीला टू-बीएचके बघायला निघालेल्या प्रत्येकाने त्या पुन्हा वाचाव्यात, असं मला वाटतं. सुप्याच्या शेतकऱ्यांचा राग फक्त व्याजाच्या दरावर नव्हता. कर्ज मुळात घेतलं किती, आतापर्यंत फेडलं किती आणि ते संपणार कधी, हेच त्यांना कळेनासं झालं होतं.

मुद्दल आणि व्याज हे कर्जाच्या वहीतले दोन रकाने सगळ्यांना माहीत असतात. तिसरा रकाना मुदतीचा. कर्ज महाग पडतं ते बहुतेक वेळा इथेच. आणि या रकान्यात कोण काय लिहितंय, याकडे तेव्हाही कर्जदाराचं लक्ष नसायचं आणि आजही नसतं.

तीन वर्षांचा कागद

१८६१ ते १८६५ या काळात अमेरिकेत यादवी युद्ध चाललं होतं. तिथला कापूस इंग्लंडच्या गिरण्यांना मिळेना, म्हणून मुंबई इलाख्यातल्या कापसाचे भाव चढले. सावकारांनी सढळ हाताने कर्जं दिली. युद्ध संपलं, भाव उतरले. त्यातच फेरआकारणी होऊन शेतसारा वाढला. नवं कर्ज मिळेना आणि जुनं फिटेना, अशी शेतकऱ्याची गत झाली.

त्याआधी, १८५९ साली, सरकारने मुदतीचा कायदा केला होता. कर्जखताची मुदत तीन वर्षं. तेवढ्यात दावा लावला नाही, तर तो कागद बाद. वर्षानुवर्षं व्याज साचत राहू नये, हा उद्देश. घडलं उलटंच. तीन वर्षं भरत आली, की सावकार शेतकऱ्याकडून नवा कागद करून घ्यायचा आणि थकलेलं व्याज त्यात मुद्दल म्हणून लिहायचा.

उदाहरण घेऊ. समजा, महिना शेकडा दोन रुपये व्याजाने १०० रुपये घेतले आणि मधे काहीच फेडता आलं नाही. तीन वर्षांत व्याज झालं ७२ रुपये. नवा कागद १७२ रुपयांचा. सहा वर्षांनी तो २९६ रुपयांचा झाला आणि नऊ वर्षांनी ५०९ रुपयांचा. तेच व्याज सरळ मोजलं असतं, तर नऊ वर्षांनी देणं ३१६ रुपये झालं असतं. दर दोन्हीकडे सारखाच. वरचे १९३ रुपये केवळ कागद बदलण्याचे.

अशा साचण्याला आपल्याकडे एक जुना बांध होता : दामदुपट. थकलेलं व्याज एका वेळी मुद्दलापेक्षा जास्त मागता येणार नाही, म्हणजे एकूण मागणी दुपटीच्या वर जाणार नाही. स्मृतिग्रंथांतून आलेला हा नियम मुंबई इलाख्यातली इंग्रजांची न्यायालयंही हिंदू कर्जदारांच्या बाबतीत मानत. पण नव्या कागदात व्याजाचंच मुद्दल झालं, की दुपटीची मोजणी पुन्हा पहिल्यापासून सुरू.

दंग्यांनंतर चौकशी आयोग बसला आणि १८७९ साली 'डेक्कन ॲग्रिकल्चरिस्ट्स रिलीफ ॲक्ट' आला. सुरुवातीला तो पुणे, सातारा, सोलापूर आणि अहमदनगर या चार जिल्ह्यांसाठी होता. न्यायाधीशाने समोर ठेवलेल्या कागदावर न थांबता व्यवहाराचा पहिल्यापासूनचा इतिहास तपासायचा, मुद्दल आणि व्याज वेगवेगळं मांडायचं, असं त्यात होतं. शिवाय शेतकऱ्याला पैसे भरल्याची लेखी पावती, दरवर्षीचा हिशेब आणि पासबुक मागण्याचा हक्क मिळाला. पळवाटाही निघाल्या, काही सावकार गहाणखताऐवजी सरळ खरेदीखतच लिहून घेऊ लागले. तरी हिशेब बघणं हा कर्जदाराचा हक्क आहे, ही गोष्ट कायद्यात आली.

घर आधी, पैसे नंतर

त्यानंतर पाऊणशे वर्षांनी, १९५४ साली, याच पुणे जिल्ह्यातल्या पिंपरीत हिंदुस्थान अँटिबायोटिक्स हा सरकारी कारखाना उभा राहिला. साठच्या दशकात आकुर्डीला बजाज आणि पिंपरीला टेल्को आली. १९७० साली इथे नगरपालिका झाली, १९७२ साली नवनगर विकास प्राधिकरण स्थापन झालं आणि १९८२ साली महापालिका झाली. मराठवाड्यातून, खानदेशातून, साताऱ्या-सांगलीकडून माणसं इथल्या पाळ्यांवर कामाला आली.

नोकरी लागली तरी घर सहज होत नसे. बँका कारखान्याला कर्ज देत, कामगाराच्या घराला क्वचितच. कंपनीची कॉलनी मिळाली तर ठीक, नाहीतर भाड्याची खोली. पीएफमधून उचल, पतपेढीचं कर्ज, दागिने, गावाकडच्या जमिनीचा तुकडा, असं गोळा करत करत स्वतःचं घर व्हायचं, ते पुष्कळदा निवृत्तीच्या उंबरठ्यावर. आधी आयुष्यभर कमवायचं आणि मग घर, असा क्रम होता.

हा क्रम उलटवणारी संस्था १९७७ साली मुंबईत सुरू झाली. आयसीआयसीआयमधून निवृत्त झालेल्या हसमुखभाई पारेख यांनी वयाच्या सहासष्टाव्या वर्षी एचडीएफसी काढली. पुढच्या वर्षी तिने पहिलं गृहकर्ज दिलं : मालाडच्या एका घरासाठी ३०,००० रुपये, साडेदहा टक्क्यांनी. आता तिशीतला नोकरदारही घरात राहायला जाऊन मग पैसे फेडू शकणार होता. ही फार मोठी सोय होती. आमच्या आधीच्या पिढीतल्या कितीतरी लोकांची भाड्याच्या खोलीतून सुटका तिच्यामुळे झाली.

पुढे हिंजवडीत आयटी पार्क झाला. चाकणला १९९९मध्ये बजाजचा आणि २००९मध्ये फोक्सवॅगनचा कारखाना सुरू झाला. २००१ साली गृहकर्जाच्या व्याजावरची करसवलत दीड लाखांपर्यंत गेली. शेतांच्या जागी टॉवर आले आणि 'ईएमआय' हा घराघरातला शब्द झाला.

चार ओळींचा कोड

मी कोड लिहून पोट भरतो. गृहकर्जाचा हिशेब म्हणजे चार ओळींचा लूप : शिल्लक मुद्दलावर महिन्याचं व्याज काढा, ते हप्त्यातून वजा करा, उरलेली रक्कम मुद्दलातून कमी करा, आणि शिल्लक शून्य होईपर्यंत हेच पुन्हा करा.

या लूपमध्ये ५० लाख रुपये, साडेआठ टक्के आणि २० वर्षं घातली, की महिन्याचा हप्ता येतो ४३,३९१ रुपये. २० वर्षांत भरायचे एकूण १ कोटी ४ लाख. त्यातलं व्याज ५४ लाखांच्या वर, म्हणजे मुद्दलापेक्षा जास्त. (दामदुपटीचा नियम इथे मोडत नाही, कारण व्याज थकतच नाही, ते दर महिन्याला भरलं जातं. म्हणूनच ते डोळ्यांवर येत नाही.)

एकूण आकड्यापेक्षा मला त्याची वाटणी जास्त बोलकी वाटली. पहिल्या हप्त्यातले ३५,४१७ रुपये व्याजात जातात आणि मुद्दल फिटतं ७,९७४ रुपये. पाच वर्षांत आपण २६ लाख भरतो, तेव्हा मुद्दल सहा लाखही कमी झालेलं नसतं. दहा वर्षांनी, निम्मी मुदत संपल्यावर, ५२ लाख भरून झालेले असतात आणि ३५ लाख शिल्लक असतात. हप्त्यात मुद्दलाचा वाटा व्याजापेक्षा जास्त व्हायला जवळजवळ बारा वर्षं जातात. सातव्या-आठव्या वर्षी मोठ्या घरासाठी पहिलं घर विकणाऱ्याने मुख्यतः व्याजच भरलेलं असतं.

याशिवाय आपल्याकडे मुद्रांक शुल्क अधिभारासह सात टक्क्यांच्या आसपास पडतं. मग नोंदणी, प्रोसेसिंग फी, आणि बांधकाम चालू असेल तर घरभाडं आणि प्री-ईएमआय दोन्ही एकदम.

दुसरी बाजूही सांगायला हवी. महागाईमुळे वीस वर्षांनंतरचे ४३ हजार आजच्या ४३ हजारांएवढे जड नसतील. भाडंही दरवर्षी वाढतं, आणि घरमालकाच्या मर्जीवर न राहण्याला किंमत आहेच. 'व्याज मुद्दलापेक्षा जास्त, म्हणून कर्ज घेऊच नका' असा निष्कर्ष यातून निघत नाही. सौदा काय आहे ते सही करण्याआधी दिसावं, एवढंच.

हप्ता तोच, मुदत मात्र...

आता तिसऱ्या रकान्याकडे येऊ. ऑक्टोबर २०१९पासून बँकांची नवी फ्लोटिंग गृहकर्जं बाहेरच्या दराला, बहुतेक ठिकाणी रेपो दराला, जोडली गेली. त्याआधी दर चढले की बँका लगेच वाढवत आणि उतरले की रेंगाळत, अशी तक्रार असायची. २०२० साली रेपो ४ टक्क्यांवर आला. २०२१मध्ये पावणेसात टक्क्यांना गृहकर्ज मिळत होतं आणि साईट व्हिजिटला रांगा होत्या. मग मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या दहाच महिन्यांत रेपो ४ वरून साडेसहा टक्क्यांवर गेला.

५० लाखांचं, २० वर्षांचं, पावणेसात टक्क्यांचं कर्ज घेऊ. हप्ता ३८,०१८ रुपये. दीड वर्षाने दर अडीच टक्क्यांनी वाढला. (हिशेब सोपा राहावा म्हणून सगळी वाढ एकाच दिवशी झाली असं धरू.) शिल्लक ४८ लाख १३ हजारांवर आता महिन्याचं व्याजच ३७,१०१ रुपये होतं. हप्ता तोच ठेवला, तर मुद्दलासाठी जेमतेम ९१७ रुपये उरतात आणि कर्ज फिटायला आणखी ४८५ महिने लागतात. म्हणजे चाळीस वर्षं! मुदत तीच ठेवायची, तर हप्ता ४५,३४७ रुपये होतो.

चाळीस वर्षं कुठलीही बँक देत नाही. निवृत्तीचं वय आडवं येतं. त्यामुळे काहींची मुदत ताणली गेली, काहींचा हप्ता वाढला, काहींचं दोन्ही झालं. माझ्या ओळखीतल्या अनेकांना हे कळलं ते एका एसएमएसने. हप्ता वाढला नाही म्हणून त्यांना तेव्हा हायसं वाटलं होतं. व्याज हप्त्याच्याही वर गेलं असतं, तर उरलेलं व्याज मुद्दलात मिळत गेलं असतं. म्हणजे १८६०च्या दशकातला तीन वर्षांचा कागदच.

ऑगस्ट २०२३मध्ये रिझर्व्ह बँकेने यावर नियम केले. दर बदलल्यावर हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडं थोडं, हा पर्याय कर्जदाराला द्यायचा. मुदत वाढवताना व्याज मुद्दलात साचू द्यायचं नाही. आणि दर तिमाहीला आतापर्यंत वसूल झालेलं मुद्दल, व्याज आणि उरलेले हप्ते दाखवणारं विवरण उपलब्ध करायचं. ऑक्टोबर २०२४पासून नव्या कर्जांसोबत सगळे खर्च धरून वार्षिक दर सांगणारं 'की फॅक्ट स्टेटमेंट' द्यावं लागतं. १८७९च्या कायद्यातला वार्षिक हिशेब आणि पासबुक आठवतं ना?

वीस वर्षांचा करार, तीन महिन्यांची नोटीस

जुन्या दस्तांत गहाणाचे दोन प्रकार दिसतात. ताबेगहाणात जमीन सावकाराच्या ताब्यात जायची; नजरगहाणात ती कर्जदाराकडेच राहायची. गृहकर्ज या दुसऱ्या प्रकारातलं. घरात आपण राहतो, पडदे आपण लावतो. गहाण पडतात ते पुढचे पगार.

आमच्या पट्ट्यात हे पगार किती पक्के आहेत? टेल्कोतल्या कायम कामगाराला निवृत्तीपर्यंतच्या नोकरीची बऱ्यापैकी खात्री होती. आज चाकणच्या लाइनवर कंत्राटी मुलं आहेत आणि हिंजवडीत बेंचवर बसलेली. आपला नोटीस पीरियड दोन-तीन महिन्यांचा आणि कर्ज २४० महिन्यांचं. हप्ता पगाराच्या निम्म्यावर गेला, की नोकरी आवडत नसली तरी सोडता येत नाही, वर्षभर काही नवं शिकायला थांबता येत नाही, आईच्या आजारपणात बिनपगारी रजा घेता येत नाही. हा खर्च कुठल्याच विवरणात येत नाही.

त्यावर उपाय आहे तो मुदत आपल्या हातात ठेवण्याचा. वैयक्तिक फ्लोटिंग गृहकर्जावर मुदतपूर्व परतफेडीचा दंड बँका घेऊ शकत नाहीत. २०१२ सालापासून त्याला बंदी आहे. वरच्या साडेआठ टक्क्यांच्या कर्जात दरवर्षी फक्त एक हप्ता जास्त भरला, तर वीसऐवजी साधारण १६ वर्षं ८ महिन्यांत कर्ज संपतं आणि दहा लाखांच्या वर व्याज वाचतं. दर उतरले, तरी हप्ता कमी करून न घेता मुदत कमी करून घेता येते. त्यासाठी बँकेला तसं लेखी सांगावं लागतं.

बँकेच्या ॲपमध्ये शिल्लक रक्कम सहसा ठळक अक्षरांत असते. उरलेल्या हप्त्यांचा आकडा कुठेतरी आत, दोन-तीन क्लिकनंतर सापडतो. घर घेतलेल्यांनी तो आज शोधावा आणि सँक्शन लेटरवरच्या मुदतीशी ताडून पाहावा. ज्यांना अजून घ्यायचं आहे, त्यांनी सॅम्पल फ्लॅटमधून बाहेर पडल्यावर हप्ता किती बसेल हे विचारतानाच, दर दोन टक्क्यांनी वाढला तर कर्ज किती महिन्यांचं होईल, हेही विचारावं. आणि उत्तर कागदावर मागावं.