राम मोहन

राम मोहन (२६ ऑगस्ट, १९३१ – ११ ऑक्टोबर, २०१९) हे भारतीय अ‍ॅनिमेशनकार, निर्माते, दिग्दर्शक व शिक्षक होते. त्यांना 'भारतीय अ‍ॅनिमेशनचे जनक' असे संबोधले जाते. सरकारी माहितीपट, चित्रपटांतील अ‍ॅनिमेशन, जाहिराती, दूरचित्रवाणी आणि संगणकीय अ‍ॅनिमेशन अशा निरनिराळ्या क्षेत्रांत सुमारे सहा दशके त्यांनी काम केले. त्यांची बहुतेक कारकीर्द मुंबईत घडली. इ.स. २०१४ मध्ये त्यांना पद्मश्री हा किताब प्रदान करण्यात आला.

पार्श्वभूमी

भारतात चित्राला गती देण्याचे प्रयोग मूकपटांच्या काळापासून झाले. दादासाहेब फाळके यांनी १९१५ मध्ये 'आगकाड्यांची मौज' या लघुपटात निर्जीव काड्या हलत्या करून दाखविल्या होत्या. मात्र अशा प्रयोगांतून सलग परंपरा किंवा प्रशिक्षित कलावंतांची पिढी निर्माण झाली नाही. या कलेला लागणारे श्रम हे त्याचे एक कारण होय. पडद्यावर एका सेकंदात २४ चौकटी सरकतात. म्हणजे दहा मिनिटांच्या चित्रपटासाठी १४,४०० चौकटी लागतात. प्रत्येक चित्र दोन चौकटींसाठी वापरले तरी ७,२०० चित्रे हाताने काढावी लागत. इतका खर्च व वेळ सोसणारा आश्रयदाता मिळणे कठीण असे.

फिल्म्स डिव्हिजनमधील काळ

विज्ञान शाखेचे शिक्षण घेतलेले राम मोहन १९५६ मध्ये मुंबईतील फिल्म्स डिव्हिजन या शासकीय संस्थेच्या व्यंगचित्रपट विभागात दाखल झाले. तेथे अमेरिकी तांत्रिक साहाय्य योजनेखाली आलेले क्लेअर वीक्स यांनी नव्या कलावंतांना प्रशिक्षण दिले. वीक्स यांचा जन्म भारतात एका मिशनरी कुटुंबात झाला होता. डिस्ने स्टुडिओत त्यांनी 'स्नो व्हाइट', 'बँबी', 'पीटर पॅन' इत्यादी चित्रपटांसाठी काम केले होते. जातककथेवर आधारित 'द बनियन डिअर' हा लघुपट या विभागाच्या आरंभीच्या कृतींपैकी एक होय. 'होमो सॅप्स' हा राम मोहन यांचा या काळातील उल्लेखनीय लघुपट आहे.

सरकारी नोकरीमुळे कलावंतांना स्थैर्य मिळाले, परंतु विषयांची निवड प्रामुख्याने शासकीय प्रचाराच्या गरजांनुसार होत असे. इ.स. १९६० च्या दशकाच्या उत्तरार्धात राम मोहन यांनी ही नोकरी सोडली व ते प्रसाद प्रॉडक्शन्सच्या अ‍ॅनिमेशन विभागाचे प्रमुख झाले.

स्वतंत्र निर्मिती

इ.स. १९७२ मध्ये त्यांनी 'राम मोहन बायोग्राफिक्स' ही स्वतःची निर्मितिसंस्था मुंबईत स्थापन केली. जाहिरातपट हा अशा संस्थांच्या उत्पन्नाचा मुख्य आधार होता. यासोबतच त्यांनी कथाचित्रपटांसाठीही अ‍ॅनिमेशन केले. मृणाल सेन यांचा 'भुवन शोम' (१९६९), सत्यजित राय यांचा 'शतरंज के खिलाडी' (१९७७) व बी. आर. चोप्रा यांचा 'पति पत्नी और वो' (१९७८) हे त्यांतील प्रमुख चित्रपट होत. 'शतरंज के खिलाडी'मध्ये लॉर्ड डलहौसी एकेक संस्थान चेरीच्या फळाप्रमाणे गिळंकृत करतो, असा अ‍ॅनिमेशनचा भाग आहे. राजकीय इतिहासाचा एक गुंतागुंतीचा टप्पा त्यात अगदी थोडक्यात स्पष्ट होतो.

रामायण

जपानी निर्माते युगो साको यांच्या 'रामायण : द लेजंड ऑफ प्रिन्स राम' या पूर्ण लांबीच्या अ‍ॅनिमेशनपटाचे राम मोहन हे सहदिग्दर्शक होते. आराध्य दैवताचे चित्रण परकीयांकडून व्यंगचित्रासारखे होईल या शंकेने आरंभी या प्रकल्पाला विरोध झाला. भारत सरकारचा सहभागही मिळू शकला नाही, त्यामुळे मुख्य निर्मिती जपानमध्ये झाली. पात्रांची वेशभूषा, वास्तुशिल्प, हावभाव व चालीरीती यांबाबत भारतीय चमूने जपानी चित्रकारांना मार्गदर्शन केले. वनराज भाटिया यांनी संगीत दिले. हा चित्रपट जानेवारी १९९३ मध्ये भारताच्या आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सवात दाखविला गेला. त्या वेळी त्याला मर्यादित प्रदर्शन लाभले, परंतु पुढे दूरचित्रवाणीवरील प्रसारणामुळे तो घरोघरी पोहोचला. जानेवारी २०२५ मध्ये तो भारतातील चित्रपटगृहांत प्रदर्शित झाला.

मीना

याच दशकात युनिसेफने दक्षिण आशियातील मुलींच्या हक्कांसाठी 'मीना' ही चित्रपटमालिका सुरू केली. तिच्या निर्मितीत राम मोहन यांचा मोठा वाटा होता. मीना, तिचा भाऊ राजू व मिठू नावाचा पोपट ही तिची प्रमुख पात्रे होत. मुलींचे शिक्षण, भावंडांत अन्नाचे समान वाटप, बालविवाह व हुंडा हे विषय मालिकेने मुलांना समजेल अशा गोष्टींतून मांडले. मीना भारत, बांगलादेश, नेपाळ व पाकिस्तान या सर्वच देशांत आपलीशी वाटावी, अशा रीतीने तिचे रूप व पोशाख निश्चित करण्यात आले.

संगणकीय अ‍ॅनिमेशन व अध्यापन

इ.स. १९९० च्या दशकाच्या उत्तरार्धात संगणकाचा वापर वाढला व परदेशी मालिकांचे काम भारतात येऊ लागले. या काळात राम मोहन यांची संस्था यूटीव्ही समूहात विलीन होऊन 'आरएम-यूएसएल' ही कंपनी निर्माण झाली. पुढे ते 'ग्राफिटी मल्टिमीडिया' या मुंबईतील कंपनीचे अध्यक्ष झाले. या कंपनीच्या 'कृष, तृष अँड बाल्टीबॉय' या चित्रपटमालिकेत विविध प्रांतांतील लोककथा तेथील चित्रशैलींत सादर केल्या आहेत. इ.स. २००६ मध्ये त्यांनी 'ग्राफिटी स्कूल ऑफ अ‍ॅनिमेशन' ही शिक्षणसंस्था सुरू केली.

पुरस्कार

- राष्ट्रीय चित्रपट पुरस्कार – 'यू सेड इट' (१९७२)
- राष्ट्रीय चित्रपट पुरस्कार – 'फायर गेम्स' (१९८३)
- पद्मश्री (२०१४)

महत्त्व

राम मोहन यांच्या कारकिर्दीतून भारतीय अ‍ॅनिमेशनच्या आर्थिक आधारांचा इतिहासही दिसतो. शासन, जाहिरातदार, कथाचित्रपटांचे निर्माते, जपानी निर्माता, आंतरराष्ट्रीय संस्था आणि परदेशी दूरचित्रवाहिन्या असा हा आश्रय बदलत गेला. त्यांचे सर्वाधिक परिचित असे दोन्ही प्रकल्प देशाबाहेरील पुढाकारातून उभे राहिले, यावरून या कलेला देशात मिळालेल्या पाठबळाची मर्यादाही लक्षात येते. या परिस्थितीतही त्यांनी सतत काम चालू ठेवले व आपले कौशल्य पुढील पिढीकडे सोपविले.