ज्येष्ठमध : काढ्यातून मिठाईकडे

खोकल्याची उबळ आली की ज्येष्ठमधाचा तुकडा तोंडात धरावा, हा उपाय महाराष्ट्रात घरोघर ठाऊक आहे. बाळगुटीतही त्याचे वेढे उगाळतात. परंतु या मुळीचा इतिहास आजीबाईच्या बटव्यात मावण्याजोगा नाही.

संस्कृतात हिला ‘यष्टिमधु’ म्हणजे गोड काठी म्हणतात. ग्रीक नावाचा अर्थही ‘गोड मूळ’ असाच आहे. प्राचीन ग्रीक वनस्पतिशास्त्रज्ञ थिओफ्रास्टस लिहितो की, ही मुळी तोंडात धरल्याने तहान शमते, आणि हिच्यावर व घोडीच्या दुधाच्या चीजवर सिथियन लोक अकरा-बारा दिवस काढतात असे सांगतात. इकडे चरकसंहितेने बुद्धिवर्धक रसायनांत हिचे चूर्ण दुधाबरोबर घेण्यास सांगितले. दोन्हीकडे ही मुळी औषधी म्हणूनच मान पावली.

तिची मिठाई झाली ती इंग्लंडात. यॉर्कशायरमधील पॉन्टीफ्रॅक्ट गावी हिची लागवड होत असे. १७६० साली तेथील जॉर्ज डनहिल या औषधविक्याने हिच्या अर्कात साखर मिसळली, आणि पुढे ठसा उमटविलेल्या काळ्या चकत्या गावाच्या नावाने प्रसिद्धीस आल्या. त्या ठशाच्या नशिबी एक आगळा मानही होता. पूर्वी तेथे मतदान उघड होई. मालकाच्या किंवा जमीनदाराच्या धाकाने मतदार दबून जात. १८७२ च्या कायद्याने गुप्त मतदान आले, आणि त्याच वर्षी १५ ऑगस्टला पॉन्टीफ्रॅक्टच्या पोटनिवडणुकीत त्याचा पहिला प्रयोग झाला. त्या वेळी मतपेटीवरील लाखेवर मोहोर उमटली ती ज्येष्ठमधाच्या चकत्यांच्या ठशाची!

तथापि औषध मिठाई झाले की मात्रेचे भान सुटते. १९४६ साली रेव्हर्स या डच वैद्याने नमूद केले की, ज्येष्ठमधाच्या अर्काने जठरव्रणाच्या रोग्यांस आराम पडतो, पण काहींच्या अंगावर सूज येते. हिच्यातील ग्लिसरायझिन हे द्रव्य साखरेहून कित्येक पट गोड आहे. ते फार पोटात गेल्यास शरीरात मीठ व पाणी साठते, पोटॅशियम घटते आणि रक्तदाब वाढतो. म्हणून रक्तदाबाच्या रोग्याने व गर्भवतीने वैद्याच्या सल्ल्यावाचून ते नित्य सेवन करू नये.

औषध मोजून घेतात, मिठाई मनसोक्त खातात. ज्येष्ठमध मिठाईच्या रूपाने हाती आला, तरी तो औषधाच्याच मापाने घ्यावा, हे शहाणपणाचे होय.