कुलाब्याची शाळा

अंधांसाठी आणि मूकबधिरांसाठी भारतात एकोणिसाव्या शतकातच शाळा निघाल्या. पण ज्या मुलाचे हात, पाय, मान, जीभ यांपैकी काहीच त्याचे ऐकत नाही, त्याच्यासाठी शाळा काढावी हे सुचायला फार उशीर लागला. आंधळे मूल बोलून दाखवते, बहिरे मूल खुणा करते. या मुलाला आतून काय कळते ते बाहेरच्याला कळायला मार्गच नसे. मग डॉक्टरपासून शेजाऱ्यापर्यंत सगळे त्याला ‘मतिमंद’ म्हणून मोकळे होत.

मुंबईने आधी पोलिओ पाहिला. मुलीला पोलिओ झाल्यावर फातिमा इस्माईल यांनी १९४७ साली इथे उपचारकेंद्र सुरू केले. हाजी अलीचे मुलांचे अस्थिरुग्णालय त्याच कामातून उभे राहिले. पण पोलिओने पाय गेला तरी वाचा आणि बुद्धी बहुधा सहीसलामत राहतात. सेरेब्रल पाल्सीत इजा मेंदूला होते, बहुतेकदा जन्माआधी किंवा जन्मताना. स्नायू मग ताठरतात नाहीतर भलतीकडेच वळतात. काही मुलांची बुद्धीही मंदावते. अनेकांची अजिबात नाही.

मिथू अलुर यांची मुलगी मालिनी १९६६ साली कलकत्त्यात जन्मली, ती अशी. पुढे इंग्लंडमध्ये तिला विशेष शाळा मिळाली आणि आईने तिथेच विशेष शिक्षणाचे प्रशिक्षण घेतले. परतल्यावर मुंबईत तशी शाळाच नव्हती. तेव्हा २ ऑक्टोबर १९७२ रोजी ‘स्पास्टिक्स सोसायटी ऑफ इंडिया’ स्थापन झाली आणि कुलाब्यात मूठभर मुलांना घेऊन शाळा सुरू झाली. अभिनेत्री नर्गिस दत्त पहिल्या आश्रयदात्या. (एका सिनेनटीचे नाव पाठीशी असणे म्हणजे त्या काळी काय, हे देणग्या गोळा करणाऱ्यांना विचारावे.)

या शाळेचे नवेपण इमारतीत नव्हते, वेळापत्रकात होते. तोवर मुलाला व्यायामासाठी एका दवाखान्यात, बोलण्यासाठी दुसरीकडे न्यायचे आणि अक्षरओळख राहूनच जायची. इथे फिजिओथेरपिस्ट, वाचा-उपचारक आणि शिक्षक एकाच छपराखाली आले. आधी मूल खुर्चीत नीट बसले पाहिजे, मान सावरली पाहिजे. मगच पाटीकडे नजर लागते. बोलता येत नसेल तर चित्रांच्या फळ्यावर बोट दाखवायचे, तेही जमत नसेल तर नजरेने. उत्तराला पाच मिनिटे लागली तरी थांबायचे. माझ्या मते शाळेची खरी शिकवण हे थांबणेच होते.

कलकत्ता, दिल्ली, बंगळूर, मद्रास इथे दहा-बारा वर्षांत अशाच संस्था उभ्या राहिल्या. मालिनी चिब पुढे सेंट झेवियर्स कॉलेजात शिकल्या, लंडनला दोन पदव्युत्तर पदव्या घेतल्या आणि एका बोटाने टंकलेखन करत ‘वन लिटल फिंगर’ हे आत्मकथन लिहिले. ते २०१० साली आले.

मधल्या काळात ‘स्पास्टिक’ ही इंग्लंडातल्या शाळकरी पोरांची शिवी झाली. तिथल्या संस्थेने १९९४ साली नाव टाकून ‘स्कोप’ घेतले. इथली पुढे ‘अडॅप्ट’ झाली. पण नावापेक्षा मोठा बदल धोरणाचा. वेगळी शाळा काढणाऱ्यांनीच नव्वदीच्या अखेरीस म्हणायला सुरुवात केली की मुलांनी शेजारच्या साध्या शाळेत जावे. स्वतःच्या कामाविरुद्ध बोलायला धैर्य लागते, आणि मुद्दाही खरा होता: वेगळ्या शाळेत वाढलेल्या मुलाला गल्लीत मित्र नसतात.

तरी पालकांची भीती खोटी म्हणता येत नाही. साठ मुलांच्या वर्गात उत्तरासाठी पाच मिनिटे कोण थांबणार? २०१६ च्या कायद्याने ६ ते १८ वयाच्या अशा मुलांना मोफत शिक्षणाचा हक्क दिला, आणि शाळा शेजारची की विशेष, ही निवडही त्यांच्याकडे ठेवली. निवड करायला दोन्ही शाळा जवळ असाव्या लागतात. जिल्ह्याच्या गावाबाहेर राहणारी आई आजही मुलाला कडेवर घेऊन एसटीच्या पायऱ्या चढते.