सुपरमेन ऑफ मालेगाव
फैजा अहमद खान दिग्दर्शित निरीक्षणात्मक माहितीपट (2008). नाशिक जिल्ह्यातील मालेगाव हे यंत्रमागांचे शहर. शुक्रवारी माग थांबले की कामगार सिनेमाकडे वळतात. गाजलेल्या चित्रपटांची स्थानिक विडंबने करणारे नासिर शेख येथे ‘मालेगाव का सुपरमॅन’ चित्रित करत असताना हा माहितीपट घडला. नायक शफीक हा किडकिडीत यंत्रमाग कामगार. त्याचे उड्डाण हिरव्या पडद्यापुढे, जुगाडाने साधलेले. कॅमेरा पाण्यात पडतो, मध्येच नायकाचे लग्न निघते. या अडचणी हसवतात, पण माहितीपट माणसांना हसत नाही, हे त्याचे मोठेपण. शफीक 2011 मध्ये तोंडाच्या कर्करोगाने वारला. माहितीपट चित्रपटगृहांत पोहोचला 2012 मध्ये.