मनी प्लांट (पाण्यातील वाढ)

(एपिप्रेम्नम ऑरियम). ॲरेसी म्हणजे सुरणाच्या कुलातील वेल. मूळस्थान फ्रेंच पॉलिनेशियातील मोओरेआ बेट. पेऱ्यांवर आगंतुक मुळांचे कोंभ आधीच असल्याने एक-दोन पेरी पाण्यात बुडवलेल्या छाटाला साधारण २-३ आठवड्यांत मुळे फुटतात. पेरे नसलेले नुसते पान हिरवे राहते, त्यातून वेल होत नाही. पारदर्शक बाटलीत शैवाल धरते. गडद काच बरी. नुसत्या पाण्यावर पाने लहानच राहतात, म्हणून अधूनमधून अगदी विरल द्रवखत द्यावे. चोरून आणलेली वेल जास्त फोफावते, हा लाडका समज निराधार आहे. डेंग्यू पसरवणारा एडिस इजिप्ती डास अशा साठलेल्या पाण्यात, भांड्याच्या आतल्या कडेला अंडी चिकटवतो. त्यामुळे आठवड्यातून एकदा पाणी बदलताना बाटली आतून घासावी.