अजिंठ्याची स्वप्नचित्रे

अजिंठा येथील बौद्ध लेण्यांतील, स्वप्नात दिसलेल्या तेजस्वी प्राण्यांच्या कथा सांगणारी भित्तिचित्रे. ही लेणी छत्रपती संभाजीनगर जिल्ह्याच्या सोयगाव तालुक्यात, शहरापासून सुमारे 100 किमी. अंतरावर, वाघूर नदीच्या नालाकृती घळीत कोरलेली आहेत. एकूण 30 लेण्यांपैकी काही सातवाहनकाळातील, इ.स.पू. दुसऱ्या-पहिल्या शतकांतील असून बहुतेक इ.स.च्या पाचव्या शतकात वाकाटक राजा हरिषेण याच्या काळी खोदली व रंगवली गेली. स्वप्नकथांची चित्रे मुख्यतः लेणी क्र. 2, 10 आणि 17 यांत आढळतात.

सर्वांत परिचित स्वप्न बुद्धाची आई राणी मायादेवी हिचे. लेणे क्र. 2 च्या डाव्या भिंतीवर बुद्धजन्माचा प्रसंग क्रमाने रंगवलेला आहे: तुषित स्वर्गातील बोधिसत्त्व, राणीचे स्वप्न, शुद्धोदनाच्या दरबारात ब्राह्मणांनी केलेला स्वप्नाचा उलगडा आणि लुंबिनीतील जन्म. स्वप्नात पांढरा हत्ती राणीच्या उजव्या कुशीत शिरतो. मुलगा चक्रवर्ती तरी होईल किंवा बुद्ध तरी, असे भाकीत निघते. ललितविस्तर या ग्रंथात हा हत्ती सहा सुळ्यांचा असून गर्भातील बोधिसत्त्व रत्नव्यूह नावाच्या मण्यांच्या मंडपात बसलेला असतो. हाच प्रसंग भरहुतच्या स्तूपाच्या कठड्यावर पाच-सहाशे वर्षे आधी दगडात कोरलेला होता. तेथे हत्ती नुसता आकाराने ओळखू येतो. त्याचे पांढरेपण दाखवण्याची सोय रंगामुळे झाली.

जातकांत, म्हणजे बुद्धाच्या पूर्वजन्मांच्या कथांतही अशी स्वप्ने येतात. त्यांतील हंसजातकाचे चित्र लेणी क्र. 2 आणि 17 या दोन्हींत आहे. पाली महाहंसजातकात खेमा राणीला सोनेरी हंस सिंहासनावर बसून धर्म सांगताना स्वप्नात दिसतात आणि तसे हंस प्रत्यक्ष पाहण्याचा ती हट्ट धरते. राजा सरोवर खोदवून पारधी नेमतो. हंसराज फाशात सापडतो, तरी त्याचा सेनापती सुमुख त्याला सोडून जात नाही. ते पाहून पारधी विरघळतो आणि दोघे हंस आपल्या इच्छेने दरबारात येतात. क्र. 17 मधील रुरुजातकातही राणीच्या स्वप्नातला सोनेरी मृग अखेर राजापुढे उभा राहून उपदेश करतो. या कथांत स्वप्न म्हणजे भास नव्हे. जे दिसले ते जगात कोठेतरी आहे आणि ते शोधून काढणे राजाचे काम, असे सगळेच धरून चालतात.

षड्दंत जातक याला अपवाद आहे, आणि चित्रकारांना तेच अधिक भावलेले दिसते. क्र. 10 मध्ये सातवाहनकाळी रंगवलेली ही कथा क्र. 17 मध्ये सुमारे पाच शतकांनी पुन्हा आली. काशीची राणी सुभद्दा पूर्वजन्मी षड्दंत या शुभ्र गजराजाची हत्तीण होती. तो आपल्याला डावलतो, हा राग मनात धरूनच ती मेली. आता ती आजारपणाचे सोंग घेते आणि सहा सुळ्यांच्या हत्तीचे दंत मिळावेत असे डोहाळे स्वप्नातून लागल्याचे सांगते. स्वप्न खोटे, हत्ती मात्र खरा. पारधी सोणुत्तर त्याला बाणाने घायाळ करतो, पण सुळे कापणे त्याला जमत नाही. हत्ती स्वतःच ते कापून देतो. दंत समोर येताच राणी कोसळते, हा प्रसंग दोन्ही लेण्यांत रंगवलेला आहे.

चित्रांतील या प्राण्यांच्या तेजाचे तंत्र साधे आहे. खडकावर माती, भाताचे तूस आणि वनस्पतींचे तंतू यांचा गिलावा, त्यावर चुन्याचा पातळ हात आणि वाळलेल्या पृष्ठभागावर डिंकासारख्या चिकट द्रव्यात कालवलेले रंग: गेरू, पिवळी माती, हिरवी माती, काजळी, चुना आणि उत्तरकाळात निळ्यासाठी लाजवर्द. चित्रात दिवा किंवा सूर्य नसतो, पडछायाही जवळजवळ नसते. शरीराचा उठाव कडेला गडद आणि मध्ये उजळ रंग देऊन साधला जातो. विष्णुधर्मोत्तर पुराणातील चित्रसूत्र याला वर्तना म्हणते. त्यामुळे उजेड आकृतीवर पडलेला न वाटता तिच्या आतून आल्यासारखा वाटतो. क्र. 17 च्या ओवरीत इंद्रासह आकाशातून उतरणाऱ्या अप्सरांचे दागिनेही याच रीतीने उठून दिसतात.

1819 मध्ये जॉन स्मिथ या इंग्रज अधिकाऱ्याने लेणी पाहिल्यानंतर त्यांची कीर्ती पसरली. रॉबर्ट गिल याने 1844 पासून केलेल्या नकला लंडनच्या क्रिस्टल पॅलेसमध्ये 1866 च्या आगीत बहुतांशी जळाल्या. मुंबईच्या कलाशाळेतील विद्यार्थ्यांकडून जॉन ग्रिफिथ्स याने 1872 ते 1885 या काळात करवून घेतलेल्या नकलांपैकीही अनेक लंडनमध्येच दुसऱ्या एका आगीत गेल्या. निजाम सरकारने 1920 नंतर इटालियन तज्ज्ञ बोलावून सुटणारा गिलावा पक्का करून घेतला. परंतु चित्रांवर चढवलेले लाखेचे रोगण पुढे पिवळे पडले आणि पांढरा रंग झाकोळला. ते काढण्याचे काम भारतीय पुरातत्त्व सर्वेक्षण विभागाने नंतर टप्प्याटप्प्याने केले. 1983 मध्ये लेण्यांचा जागतिक वारशात समावेश झाला. रंगवलेल्या लेण्यांत आता मंद दिवे असून फ्लॅश वापरून छायाचित्रे काढण्यास मनाई आहे.